रस्त्यापलीकडे नेलेली कुत्री

धारच्या कचेरीच्या ओसरीवर आज सकाळी कार्बोलिक साबणाचा वास आला आणि माझी लेखणी थांबली. कोणी साहेब तपासणीला यायचा होता, म्हणून फरशी धुतली होती. मला मात्र देवासची ती पांढरी विलायती कुत्री आठवली. कुत्र्यांच्या प्रदर्शनाच्या आदल्या दिवशी माझे काका तिला याच वासाच्या साबणाने न्हाऊ घालीत.

काका एका सरदारांच्या कुत्र्यांची निगा राखीत. कुत्रीने चारही पाय रोवून, मान उचलून निश्चल उभे राहायचे आणि साहेबाने तिच्या पाठीवरून हात फिरवून निवाडा द्यायचा. एवढ्यासाठी त्या घरात वर्षभर दुसरा विषय नसे. गावात ज्वारी महागली तरी तिचे दूध-मटण चुकत नसे. पुण्याहून येणाऱ्या स्वराज्याच्या चोपड्यांनी माझे डोके तापलेले. मी म्हणे, "काका, हे साहेबापुढे वाकणे झाले." काका हसत. "वाकली तर बक्षीस जाईल रे. तिला ताठ उभे राहायचे असते."

त्या वर्षी साहेबाचा हात पाठीवर पडला आणि तिने पुढचा एक पाय उचलला. बक्षीस दुसऱ्या सरदारांकडे गेले. संध्याकाळी हुकूम सुटला, कुत्रीला गोळी घाला.

आमच्या देवासात एका गावात दोन राज्ये; रस्ता ओलांडला की इकडचा हुकूम संपतो. काकांनी तिला पलीकडे आत्याच्या दारी नेऊन बांधले. सरदारांचा शिपाई रस्त्याच्या अलीकडेच थबकून काकांना विनवू लागला. "भिया, दे दो ना, माझी नोकरी जाईल." आत्या दारातूनच म्हणाली, "पाणी हवे तर देते. कुत्री नाही."

वाचली, असे वाटले. पुढच्या हिवाळ्यात अलीकडच्या मैदानावर प्रदर्शनाचा बँड वाजला, आणि ती दावे तोडून धावली. आम्ही पोहोचलो तेव्हा रांगेच्या टोकाला ती आपली आपण, चारही पाय रोवून उभी होती. सरदारांनी शिपायाला नुसती मानेने खूण केली. त्याने तिला मांडवामागे नेले. बंदूक रोखली तरी ती तशीच उभी, पाठ ताठ, हाताची वाट पाहत.

"या वेळी पाय नाही उचलला," काका परतताना एवढेच बोलले.

ओसरीवर बूट वाजले. सारी कचेरी उठून उभी राहिली. साहेब आला तरी बसून राहायचे, असे मी रात्रीच ठरवले होते. त्यावर चार पाने लिहिलीही होती. पण खाली पाहिले तर मीही उभा होतो, माझे पाय जुळलेले होते, आणि मानेखाली, पाठीवर, हाताएवढी जागा गार पडली होती.