खड्ड्यात टाकलेले मुनवे

बॉटनीत मला पहिला वर्ग होता, आणि लग्न होऊन भुईगावात आल्यावर वर्षभर तो मी कुणाला विसरू दिला नाही.

ऐंशीच्या आसपासची गोष्ट. मागच्या दारी नवी खोली बांधायची होती आणि नेमकं तिथेच सासूबाईंचं राजेळी केळीचं बेट होतं. माहेरच्या वाडीतून त्यांनी ते आणलेलं. वडील गेले, भावाने वाडी विकली, तिथे चाळी उठल्या; वडिलांच्या हातची केळ उरली ती एवढीच. आता ती हलवायची, आणि सासूबाईंचा उजवा हात प्लास्टरमध्ये.

"चांगले चार मुनवे काढून कुंपणाशी लाव, बाकीचं टाकून दे," एवढं सांगून त्या डॉक्टरकडे गेल्या.

बुंध्याशी फुटलेली पिल्लं म्हणजे मुनवे, एवढं मला ठाऊक होतं. रुंद, टवटवीत पानांचे चार मी निवडून लावले. तलवारीच्या पात्यासारख्या अरुंद पानांचे मला मरतुकडे वाटले. कोयत्याने त्यांची मुंडकी उडवून मी ते खताच्या खड्ड्यात फेकले. दुपारी गवंड्यांनी बेटाच्या जागी दगड भरले, आणि मी मोठ्या ऐटीत चहा ठेवला.

सासूबाई आल्या, कुंपणापाशी गेल्या आणि एक रुंद पान हातात धरून उभ्या राहिल्या. "रुंद पानांचे कमजोर असतात गं. अरुंद पानांचे आईच्या कंदाला धरून वाढतात, तेच खरे." मग त्यांच्या घरच्या बोलीत काहीतरी म्हणाल्या. मला ते कळलं नाही, याचं आजही बरं वाटतं. त्या रडत होत्या.

मी खड्ड्यात उतरले. तीन सापडले, मुंडकी नसलेले. "मेलेत हो, आई."

त्यांनी डाव्या हाताने कोयता घेऊन एकाचा माथा पुन्हा सपाट कापला. "बस इथे. बघत राहा."

कापावर पाणी साचलं. माझा चहा गार झाला. आणि बरोबर मधोमध एक पोपटी ठिपका वर आला. आधी नखाएवढा, मग दिवेलागणीपर्यंत बोटाच्या पेराएवढा. माझ्या डोळ्यांदेखत. परीक्षेत वाढीबद्दल मी पानंच्या पानं लिहिली होती, पण झाड वाढताना कधी पाहिलंच नव्हतं. अंगावर काटा आला. इतकी लहान मी त्याआधी कधी झाले नव्हते, आणि ते मला फार आवडलं.

त्यांनी सांगितलं तसे कंद तासून मी तिन्ही लावले. माझ्या चार देखण्या मुनव्यांचे घड इतके किरकोळ निघाले की कावळ्यांनीही त्यांना विचारलं नाही. खड्ड्यातल्या तिघांचे उचलायला दोन माणसं लागली.

दीड वर्षाने उन्हात वाळवलेली सुकेळी खायला सासूबाईंचा भाऊ आला. एक खाल्लं आणि दुसरं हातात धरून तसाच बसला. मग बहिणीकडे न बघता म्हणाला, "ताई, एक मुनवा देशील? दारात लावीन."

सासूबाई उठून आत गेल्या आणि कोयता घेऊन आल्या. तो माझ्या हातात देत म्हणाल्या, "हिच्याकडे माग. कुठला द्यायचा ते हिला कळतं."