डावरी

त्या दिवसांत माझा देवावरचा विश्वास उडत चालला होता. मागणं एवढंच होतं, की आईने जाण्याआधी एकदा तरी मला ओळखावं. पक्षाघातात तिचा उजवा हात गेला आणि मागोमाग माणसंही तिच्या मनातून पुसली गेली. गावी बघणारं कोणी नाही, म्हणून मी तिला कुवेतला, फरवानियातल्या माझ्या खोलीवर आणलं होतं. इस्पितळाच्या लॅबमधून पांढऱ्या कोटात घरी आले की ती अदबीने विचारायची, "सिस्टर, माझी लेक कधी येणार?" मी "येईल हो" म्हणायची आणि बाथरूममध्ये जाऊन रडायची. कुलदेवीच्या टाकापुढे रोज दिवा लावत होते, तोही आईच्या शिस्तीप्रमाणे उजव्या हाताने, पण मनातून देवीवर रुसलेलेच होते.

आम्ही कुंभार. आमच्या घरात चाक पुरुषांनी फिरवायचं आणि मडकं थापटून मोठं करायचं ते बायकांनी. एका हाताने आतून गोटा धरायचा, दुसऱ्या हाताने बाहेरून लाकडी थापी मारायची. मी डावखुरी, त्यामुळे माझं मडकं हमखास भलत्याच बाजूला कलायचं. "डावरी मेली, सगळा घाट बिघडवते!" आई करवादायची. ते नाव मला फार लागायचं.

एकदा सलवा भागातल्या दवाखान्यातून तिला व्हीलचेअरवर परत आणत होते. शेजारच्या शाळेचा शिपाई एक पोतं कचऱ्याकडे ओढत नेत होता. आईने डावा हात त्यात खुपसला आणि चिमूटभर काहीतरी जिभेवर ठेवलं. मी ओशाळून तिला मराठीत दटावलं, तसा तो हसला. रत्नागिरीकडचा मुसलमान होता. "पोरांच्या क्लासची माती हाय ताई, सुकली म्हणून फेकतोय. आईला हवी तर न्या ना." त्यानेच पोतं टॅक्सीत ठेवून दिलं. त्याचं नाव विचारायचं राहूनच गेलं.

माती भिजवली, मळली. चाक कुठलं असणार? वाडग्यावर थापून जाडसर मडकं केलं. आईने गावाहून लुगड्यात गुंडाळून आपला गोटा आणला होता, तो तिच्या डाव्या हातात दिला. तिने तो आपणहून मडक्याच्या आत धरला. मी बाहेरून लाकडी कालथ्याने थापटू लागले. ती डोळे मिटून बसली होती. अचानक म्हणाली,

"डावरा मार आहे हा. डावरे, आलीस होय गं? केव्हाची वाट बघतेय."

माझा हात थांबला.

"थांबू नको. हळू मार, ओलं आहे अजून."

मी रडत रडत थापटत राहिले. मडकं कललंच, पण ती ओरडली नाही.

दुसऱ्या सकाळी मी पुन्हा सिस्टर झाले होते. संक्रांतीच्या आधीच आई गेली. ते कच्चं मडकं भाजायला इथे भट्टी नव्हती. फहाहीलच्या समुद्रात सोडलं, बघता बघता विरघळलं.

मी देवीकडे ओळख मागितली होती. तिने ती फेकायला निघालेल्या मातीतून दिली, आणि मला नकोशा असलेल्या नावाने दिली. आता मी काही मागितलं तरी ते कसं द्यायचं हे तिच्यावरच सोडते. त्या नावाने हाक मारणारं आता कोणी उरलं नाही. दिवा मात्र मी डाव्या हातानेच लावते.