अध्यक्ष नंबर नऊ आणि आमचे मामा

अमेरिकेच्या अध्यक्षांमुळे माझ्या सासरची तीन माणसं माझ्याशी बोलेनाशी झाली, आणि यात एकाही अध्यक्षाची चूक नव्हती.

झालं असं. मिनेसोटातल्या आमच्या ईडन प्रेरी गावात संक्रांत जानेवारीत येत नाही. शाळेचा हॉल मिळतो तेव्हा येते! यंदा तो मिळाला फेब्रुवारीत, प्रेसिडेंट्स डेच्या लाँग वीकएंडला. तेव्हा मराठी मंडळाच्या कमिटीत कोणीतरी म्हणालं, तिळगुळाबरोबर अध्यक्षांवर क्विझ ठेवू. मी हात वर केला.

"आमची एक टीम लिहा. मी आणि शुभदा."

"अगं, पण तुम्हाला जेवणाचं बघायचं असतं ना?" हे माझा नवरा माधव म्हणाला. अगदी प्रेमाने म्हणाला, म्हणून जास्त लागलं.

इतकी वर्षं मंडळाचा एकही कार्यक्रम मी शेवटपर्यंत पाहिलेला नाही. बाहेर टाळ्या पडल्या की आत आम्ही ओळखायचं की काहीतरी संपलं, आता पुऱ्या सोडा. म्हणून मी तिथेच जाहीर केलं, "क्विझ आम्ही जिंकलो तर पाडव्याचं सगळं जेवण पुरुष करतील. पातेली घासण्यासकट!"

पुरुष हसले. माधव आणि माझी मैत्रीण शुभदा हिचा नवरा निरंजन यांची टीम गेली दोन वर्षं प्रत्येक क्विझ जिंकत होती. त्यांनी ग्रुपवर सगळ्यांसमोर अंगठे दाखवून मान्य केलं. अंगठे! मी स्क्रीनशॉट काढून ठेवला.

आता अभ्यास आला. अडचण अशी की मला सगळे अध्यक्ष एकच वाटत. तीच गंभीर गोरी तोंडं, तीच आवळलेली कॉलर, तोच बद्धकोष्ठ झाल्यासारखा चेहरा. क्विझमध्ये स्टेजवर सगळ्यांचे फोटो नंबर घालून लावणार होते आणि उत्तर म्हणून फक्त नंबर सांगायचा होता. माझी मुलगी सई कॉलेजातून सुट्टीला आली होती. तिने चित्रांची कार्डं करून माझी शिकवणी घेतली.

"आई, धिस इज द सेम गाय यू गॉट राँग फाइव्ह मिनिट्स अगो."

"मग त्याने मिशी तरी ठेवायची!"

शेवटी मला माझी स्वतःची पद्धत सापडली. सासरची माणसं मला बरोबर पाठ आहेत. कोण कुठे काय बोललं, कोणी कोणाचा डबा परत केला नाही, सगळं तारखेनिशी! मग काय, एकेका अध्यक्षाला एकेक माणूस चिकटवला. गाडी सुसाट सुटली. शुभदाला तर इतकी गंमत वाटली की तिने तिच्याही घरची माणसं आणली.

क्विझच्या दिवशी हॉल भरला होता. बाहेर बर्फ, आत तिळाच्या वड्या. पहिल्या रांगेत माझ्या सासूबाई आणि त्यांचे भाऊ, म्हणजे आमचे मामा. (तिकीट स्वस्त मिळालं म्हणून दोघं मिनेसोटात ऐन हिवाळ्यात आलेले. स्वस्त का मिळालं ते विमानातून उतरल्यावर कळलं.) क्विझमास्तर होते भिडे काका. त्यांनी आमच्या कॉलरला छोटे माईक लावले.

"आपसात बोलताना माईक बंद करायचा हं. उत्तर देताना चालू. कळ दाखवू का?"

"काका, मी बावीस वर्षं सॉफ्टवेअर टेस्टिंग करतेय," मी म्हणाले आणि कळ दाबली. हिरवा दिवा लागला. हिरवा म्हणजे सगळं ठीक. एवढं लहान पोराला कळतं!

पहिला प्रश्न. "पँट्सचे ढीगच्या ढीग बाळगणारा आणि दिवसातून अनेकदा कपडे बदलणारा शौकीन अध्यक्ष कोणता?"

"शुभदा, तुझा निरंजन!" मी कुजबुजले.

"हो गं. कपाट उघडलं की अंगावर कोसळतात. आणि पोट सुटल्यापासून एकही कमरेला बसत नाही, पण टाकू देईल तर शपथ!"

"एकवीस नंबर!" मी ओरडले.

हॉलमध्ये केवढा हशा! मला वाटलं, बायकांना उत्तर आलं म्हणून कौतुक चाललंय. समोरच्या टेबलावर निरंजन पोट आत ओढून बसला होता. तेही मला हरण्याचं टेन्शन वाटलं.

पुढचे काही प्रश्न पुरुषांनी मारले. मग हा आला. "जेवणाच्या टेबलावर एक बाई म्हणाली, मी पैज लावलीये की तुम्हाला दोनपेक्षा जास्त शब्द बोलायला लावीन. त्यावर 'तुम्ही हरलात' एवढंच म्हणाला, अशी गोष्ट ज्याच्याबद्दल सांगतात तो अध्यक्ष कोणता?"

"माधव! लग्नात नाव घ्यायला सांगितलं तर 'नको' म्हणून मोकळा!"

"अय्या, खरंच?"

"आणि हा अध्यक्ष दुपारचा मस्त झोपायचा म्हणे. तो पण माधवच. दोनची टीम मीटिंग असते ना, कॅमेरा ऑफ करून घोरतो! मी खालून उठवायला मेसेज करते. तीस नंबर!"

या वेळी हशा जरा वेगळा होता. तिसऱ्या रांगेत माधवचा मॅनेजर बसला होता. तो पुण्याचाच, त्यामुळे त्याला भाषांतराची गरज पडली नाही. माधवने डोक्याला हात लावला. मी त्याच्याकडे बघून अंगठा दाखवला. ग्रुपवरची परतफेड!

दोन्ही टीम बरोबरीत आल्या. भिडे काकांचा आवाज आता विचित्र झाला होता, ठसका लागल्यासारखा. "एकदा पद गेलं, चार वर्षं घरी बसला आणि परत निवडून आला असा पहिला अध्यक्ष कोण? व्हाइट हाऊस सोडताना त्याची बायको नोकरांना म्हणाली होती, सामान नीट ठेवा, आम्ही परत येणार आहोत."

"सासूबाई!" आम्ही दोघी एकदम.

"मागच्या वेळी व्हिसा संपून गेल्या तर जाता जाता मला सांगितलं, माझी गादी गुंडाळू नकोस, मी आलेच," मी शुभदाला म्हणाले.

"आणि तू?"

"गुंडाळते कशाला? गॅरेजमध्ये बर्फ उडवायच्या स्नो ब्लोअरखाली टाकली! परत आल्या त्या दिवशी पहाटे उठून झटकली."

"त्यांना कळलं नाही?"

"पेट्रोलचा वास येतो म्हणाल्या. मी म्हटलं, आई, अमेरिकेतला कापूस असाच असतो. बावीस आणि चोवीस नंबर!"

कोणी हसलं नाही. एवढ्यात सई मधल्या वाटेतून पळत येताना दिसली. हाताने गळा कापल्याच्या खुणा करत होती.

"आई! युअर माइक इज ऑन! इट वॉज ऑन द होल टाइम!"

मी कॉलरकडे पाहिलं. हिरवा दिवा. मग सासूबाईंकडे पाहिलं. त्या आपल्या पदराचा वास घेऊन बघत होत्या!

"सोडून देऊ या गं," शुभदा रडवेली झाली. "घरी जायचंय आपल्याला."

सोडून देऊ? एक प्रश्न उरला होता. एका प्रश्नावर पाडवा होता, पातेली होती, आजवरच्या सगळ्या पुऱ्या होत्या! "विचारा, काका," मी म्हणाले. माईक बंद करायला आता काही अर्थ नव्हता.

"कडाक्याच्या थंडीत, ओव्हरकोट न घालता, जवळपास दोन तास शपथविधीचं भाषण केलं आणि महिन्याभरात वारला, असा अध्यक्ष कोणता?"

अख्ख्या हॉलने माना वळवून पहिली रांग पाहिली. मामांची कीर्ती ते इथे आल्यापासून दोनच महिन्यांत पसरली होती. बारसं असो नाहीतर कोणाच्या नव्या गाडीची पूजा, मामा 'दोन शब्द' बोलायला उभे राहिले की लोक पार्किंगमध्ये जाऊन गाड्या गरम करत. मामाही काही कच्चे नव्हते. ते उठले.

"बोल, सूनबाई. मी कितवा?"

"अनघा, पास म्हण," माधव समोरून म्हणाला. (आज त्याचे शब्द दोनाच्या वर गेले!)

"नऊ," मी म्हणाले. "मामा, तुम्ही नऊ."

"तो महिन्याभरात मेला! मी मेलोय?"

"नाही मामा. तुमच्या भाषणात ऐकणारे मरतात."

आम्ही जिंकलो.

घरी येताना गाडीतच मामांनी सईमार्फत आणि सासूबाईंनी भिंतीमार्फत माझ्याशी बोलायचं ठरवलं. गादीच्या जागी मी नवी कोरी आणून टाकली. ती त्यांनी हुंगून घेतली. माधव आठवड्याने बोलला, तोही कामापुरता. "पाडव्याचं जेवण तू कर. आईचा राग जाईल."

"आईंची माफी मी मागितली, आणखी मागेन. जेवण तुम्ही करायचं."

"आम्हाला येत नाही गं."

"मलाही अध्यक्ष येत नव्हते."

पाडव्याला मी नवी पैठणी नेसून दुसऱ्या रांगेत मधोमध बसले. आयुष्यात प्रथमच पूर्ण कार्यक्रम! आधी प्रायोजकांचे सत्कार झाले. मग मागच्या कमिटीने नव्या कमिटीचे आणि नव्या कमिटीने मागच्या कमिटीचे आभार मानले. मग लहान मुलांचा नाच, त्यात निम्मी रडत होती. मग तोच नाच पुन्हा, कारण गाणं मध्येच बंद पडलं होतं. मग एका हौशी गायकाने राग आळवायला घेतला आणि तो सापडेपर्यंत सोडला नाही. मग मामांना माईक दिला.

इतकी वर्षं त्या गरम, तेलकट, गप्पांनी भरलेल्या किचनने मला कशाकशापासून वाचवलं होतं, ते तेव्हा कळलं! शुभदा कानाशी म्हणाली, "जाऊ या का गं आत? नुसतं बघून येऊ."

"खबरदार उठलीस तर!" मी म्हणाले. जिंकलेली खुर्ची होती ती.

जेवण साडेनऊला आलं. मसालेभातात मीठ नव्हतं. बटाट्याची भाजी कच्ची होती. निरंजन ॲप्रन बांधून, घामाघूम होऊन समोर उभा राहिला.

"कसा झालाय भात, वहिनी?"

"फर्स्ट क्लास!" मी म्हणाले, आणि परत वाढून घेतला.