दोन कुत्र्यांचे कांदेपोहे

पुण्यात नोकरीला असलेला मुलगा बदली घेऊन, लग्न करून नाशिकला आमच्याकडेच राहणार, म्हणून आम्ही दोघं नवरा-बायको हरखलो होतो. मुलीकडून अट एकच आली. मानपान नको, बस्ता साधा चालेल, पण तिची कुत्री तिच्याबरोबर सासरी येणार. "आपल्या कुत्र्याशी त्या कुत्रीचं पटलं नाही, तर आम्ही वेगळा फ्लॅट बघू," मुलगा म्हणाला. मला घर भरलेलं हवं होतं.

आमचा कुत्रा तसा गुणी, पण पिल्लू असल्यापासून घरात वाढलेला, लाडावलेला. त्याला माणसं कळायची, कुत्री कळायची नाहीत. रस्त्यात दुसरं कुत्रं दिसलं की हा घसा फाटेस्तोवर भुंकणार.

मग आपल्याकडे करतात तेच आम्ही केलं. बघण्याचा कार्यक्रम ठेवला. हॉल आवरला, हिनं पोहे केले, कुत्र्याला आंघोळ घातली. पाहुणी कुत्री दारातून आत आली मात्र, यानं दात विचकून तिला थेट सोफ्याखाली पिटाळलं. पोह्यांच्या बश्या उपड्या. सगळे ओरडत होते, सगळ्यांत जास्त मी.

होणारी सून मात्र शांत होती. "काका, त्याच्याच घरात परकं कुत्रं आणलं आपण. मैदानावर भेटवू, हळूहळू खेळायला शिकतील."

कुत्र्यांना खेळायची शिकवणी लावायची म्हणजे थेरंच, असं मी बोलूनही दाखवलं. पण गेलो. गंगापूर रोडमागच्या मोकळ्या मैदानावर रोज संध्याकाळी ती तिच्या कुत्रीला घेऊन एका कडेनं चालायची, मी याला घेऊन दुसऱ्या कडेनं. हळूहळू अंतर कमी होत गेलं, भुंकणंही. एके दिवशी तिनं दोघांचे पट्टे सोडले.

हा गडी सरळ कुत्रीच्या अंगावर गेला आणि खेळता खेळता जोरात चावला. ती केकाटली, पाठ फिरवून बसली. मी धावणार, तोच सून म्हणाली, "थांबा काका. तीच शिकवेल त्याला."

हा गोंधळून उभा. थोड्या वेळानं त्यानं पुढचे पाय जमिनीवर पसरले, मागचा भाग वर केला आणि शेपूट हलवायला लागला. खेळतेस का, असं विचारणं त्याला येतं, हे मला ठाऊकच नव्हतं. ती उठून पळाली, हा मागे. मग ती वळली आणि हा पुढे पळाला. यावेळी तोंड लावत होता ते अगदी हलकेच. मला इतका आनंद झाला की तो लपवायला मी उगाच चष्मा पुसत बसलो.

लग्नाच्या दिवशी हिनं उंबऱ्यावर तांदळाचं माप ठेवलं. सून पाऊल उचलणार, एवढ्यात तिची कुत्री तिच्या शालूजवळून सुटली. आमचा आतून आला, पुढचे पाय पसरून वाकला आणि दोघं माप लवंडून घरभर उधळले. ही कपाळाला हात लावून तांदूळ गोळा करायला बसली.

सून दारातच उभी राहून हसत होती. "बाबा," ती मला म्हणाली, "आता आम्ही येऊ का आत?"