पायी चालणाऱ्यांचा रकाना

रस्ते खात्यातले मोजणी कारकून रस्त्याकडेला खुर्ची टाकून बसले की येणारे-जाणारे गालातल्या गालात हसत. जाणारं प्रत्येक वाहन रेघ मारून टिपायचं, सलग सात दिवस, हे त्यांचं काम. त्या रेघांवरून सरकार ठरवायचं, कोणत्या रस्त्याला निधी द्यायचा. तेवीस वर्षांत त्यांनी एक रेघ जास्तीची मारली नव्हती. घरीही तेच. पाहुणे उंबऱ्यात किती वेळ बोलत उभे राहिले, हे ते मिनिटांत सांगत. बायको म्हणे, "यांनी संसार केला नाही, मोजला."

यंदा मोजणी नेमकी मेहुण्याच्या टायरच्या दुकानासमोर आली. रस्ता रुंद व्हावा म्हणून मेहुणा देव पाण्यात घालून बसलेला. रोज चहा घेऊन येई, इकडचं तिकडचं बोले. दुसऱ्या दिवशी मुद्द्यावर आला.

"भावोजी, जरा हात सैल सोडा की."

"हात सैल सोडला तर पेन पडतं," कारकून म्हणाले आणि चहा पिऊन टाकला.

तिसऱ्या दिवशी शाळा सुटली. समोर मुलांचा घोळका आणि एक म्हातारी बाई रस्ता ओलांडायला थांबली होती. कारकुनांनी सवयीने घड्याळ पाहिलं. अकरा मिनिटं कुणी गाडी थांबवली नाही. तक्त्यात शेवटी पायी चालणाऱ्यांचा एक रकाना होता. तिथे सगळे आडवी रेघ मारून मोकळे होत. त्यांनी तो भरायला घेतला. आठवडा संपेपर्यंत चार पुरवण्या जोडाव्या लागल्या. साहेबांनी विचारलं, माणसं मोजायला कुणी सांगितलं होतं? कारकून म्हणाले, रकाना आहे म्हणून भरला.

रुंदीकरणाला वाहनं कमी पडली. मेहुण्याने अबोला धरला. पण त्या वर्षी राज्याने सुरक्षिततेसाठी वेगळा निधी काढला. त्याला पायी जाणाऱ्यांचा आकडा हवा होता, आणि तो अख्ख्या कचेरीत एकाच तक्त्यात सापडला. दुकानासमोर सिग्नल लागला, पांढरे पट्टे आले, कठडा आला. सिग्नलला थांबलेल्या चालकांना दुकानातली नवी टायरं बघून आपली किती झिजलीत हे आठवू लागलं. मग मेहुणा गिऱ्हाइकांना सांगू लागला की सिग्नल आमच्या भावोजींनी आणला.

एका सुट्टीच्या दिवशी कारकून तो सिग्नल बघायला मुद्दाम गेले. कठड्याशी बराच वेळ नुसतेच उभे राहिले. शेजारच्या एका आजींना वाटलं, बिचारे घाबरलेत. त्यांनी सरळ हात धरून त्यांना पलीकडे नेऊन सोडलं. पलीकडे कारकुनांचं काहीच काम नव्हतं.