साहेब बाहेर गेलेत

अरुणा,

काल नामाने दोन महिन्यांच्या खंडानंतर पुन्हा तो मासिकाचा प्लास्टिकचा लिफाफा माझ्या दारात आणून टाकला. वर तेच छापलेलं. श्री. श्यामसुंदर टिपणीस, फ्लॅट नंबर, सोसायटी, सानपाडा. नामाला काही बोलू नकोस. वॉचमन आहे, तुझं दार बंद दिसलं की समोरच्या दारात ठेवतो. दोष कोणाचा आहे ते मी सांगणार आहे आणि चारचौघांत, छापून सांगणार आहे. कारण फोनवर सांगायला गेलं की तू ‘हो गं, बघते’ म्हणतेस आणि मी फोन कधी ठेवते त्याची वाट बघत बसतेस.

तुझी हकीकत तुला ठाऊक आहे, वाचणाऱ्यांना नाही. म्हणून आता थोडा वेळ त्यांच्याशी बोलते. तू मध्ये पडू नकोस.

तर अरुणा टिपणीस माझ्या समोरच्या फ्लॅटमध्ये राहते. सध्या ती खारघरला मुलाकडे, प्रसादकडे आहे. आठ दिवसांसाठी म्हणून गणपतीच्या आधी गेली ती अजून आलेली नाही. बाईने सगळी नोकरी टेलिफोन एक्स्चेंजमध्ये ऑपरेटर म्हणून केली. समोर बोर्ड, कानाला हेडफोन आणि पलीकडे खेकसणारी सगळी मुंबई. कोणाचा ट्रंक कॉल लागत नाही, कोणाच्या लाइनवर दुसराच बोलतोय, आणि शिव्या कोणाला, तर बोर्डावरच्या मुलीला. शिव्या खाऊन आवाज गोड ठेवायचा हा पहिला नियम. दुसरा त्याहून कडक. लाइन आपण होऊन तोडायची नाही. समोरच्याने रिसीव्हर ठेवला की मगच आपण सुटलो. सुपरवायझर पाठीमागे उभी राहून ऐकायची. एका नव्या मुलीने एका वकिलाला वैतागून मध्येच तोडलं, तर तिला मेमो मिळाला. अरुणाला कधी मिळाला नाही, आणि हे ती अजून सांगते.

नोकरी संपली, एक्स्चेंजही गेलं, नियम राहिला. रॉंग नंबर आला तर ती त्या माणसाला कोण हवं होतं ते विचारते. कर्ज घ्या, प्लॉट घ्या, विमा घ्या असं म्हणणाऱ्या पोरापोरींचं ती शेवटपर्यंत ऐकून घेते. गॅसवर दूध उतू जातं. मी दोन वाक्यं ऐकते आणि लाल बटण दाबते. अरुणा म्हणते, ‘तू कधी बोर्डावर बसली नाहीस.’ नाही बसले, आणि बरं झालं नाही बसले.

तिचे यजमान श्यामसुंदर ठाणे-बेलापूर रोडवरच्या एका केमिकल कंपनीत होते. गाडी त्यांनी जन्मात घेतली नाही, त्यांना चालवताही येत नव्हती. पण गाड्यांचं एक इंग्रजी मासिक त्यांच्याकडे वर्षानुवर्षं यायचं आणि ते जाहिरातींसकट वाचायचे. आमच्या पार्किंगमधल्या निम्म्या गाड्या त्यांच्या सल्ल्याने आल्यात. तिसऱ्या मजल्यावरच्या तेजसला लाल गाडी हवी होती. त्याला जिन्यात गाठून ते म्हणाले, ‘रंग काय बघतोस, तुला काय हळदीकुंकवाला बोलवायचंय तिला? सर्व्हिसिंग कुठे आहे ते बघ.’ तेजसने मुकाट्याने करडी घेतली. सोसायटीत नवी गाडी आली की पूजा व्हायची, चाकाखाली लिंबं चिरडायची आणि पहिल्या फेरीला पुढच्या सीटवर टिपणीस साहेब. ते ठरूनच गेलं होतं.

मागच्या वर्षी होळीच्या सुमाराला ते गेले. मासिक येत राहिलं. दोघांच्या जोडखात्यातून त्याची वर्गणी आपोआप जाण्याची सोय त्यांनीच करून ठेवली होती, त्यामुळे ते थांबायचं काही कारण नव्हतं.

थोडे महिने अरुणाने ते अंक न उघडता टीपॉयखाली सरकवले. मग एकदा माझ्याकडे मेथी निवडायला बसलेली असताना म्हणाली, ‘सुनयना, यांचं नाव दारात येणं बंद झालं पाहिजे गं. आणि घरच्या नंबरवर येणारे ते फोन. दर वेळी सरांना द्या म्हणतात.’ पैशाचं ती एका शब्दाने बोलली नाही. मी म्हटलं, बँकेत जाऊन पैसे जाणं थांबव, मासिक आपसूक बंद पडेल. ती म्हणाली, मग तर त्यांना रोजच फोन येतील, तुमची वर्गणी का थांबली म्हणून. तेही खरं होतं.

प्रसादला सांगून झालं. आई, दोन मिनिटांचं काम आहे, मी करतो, म्हणाला. ती दोन मिनिटं त्याला अजून सापडलेली नाहीत. शेवटी मीच ते ॲप उघडून बसले. मासिक सुरू करायचं बटण तळहाताएवढं. भेट द्यायचं बटण, मित्राला कळवायचं बटण, सगळी आहेत. बंद करायचं बटण नाही. शोधत शोधत एका कोपऱ्यात गेले तर तिथे म्हणे नोंदवलेल्या मोबाईलवर आकडा पाठवलाय, तो घाला. नोंदवलेला मोबाईल श्यामसुंदरांचा. तो नंबर प्रसादने तेरावं झाल्यावर बंद केला. ज्याने हे ॲप बनवलं त्याच्या घरात कधी कोणी मेलेलं नाही की काय?

राहिला फोन. पहिल्यांदा अरुणाने एकटीने केला. मी मुद्दाम गेले नाही; म्हटलं, फोनचं काम हिच्याइतकं कोणाला येणार. संध्याकाळी तोंड पाडून आली. गाड्यांचं मासिक चालूच होतं, वर पाककृतींचं आणखी एक सुरू झालं होतं. पलीकडची मुलगी बोलत राहिली, ऑफर सांगत राहिली, आणि ही सवयीने ‘हं, हं’ म्हणत राहिली. त्या ‘हं’चा त्यांनी होकार धरला. मी विचारलं, मध्येच ठेवून का नाही दिलास? म्हणाली, ‘तिचं बोलणं संपलं नव्हतं.’

मी त्या दिवशी तिला नको नको ते बोलले. ती ऐकून घेत होती. मला आणखीच राग आला.

पुढच्या वेळी मी शेजारी बसले आणि स्पीकर चालू करायला लावला. आधी यंत्र. हे हवं तर एक दाबा, ते हवं तर दोन दाबा. नवीन मासिक घ्यायचं असेल तर लगेच माणूस भेटतो, बंद करायचं असेल तर संगीत. आपला कॉल आमच्यासाठी महत्त्वाचा आहे, असं ते यंत्र इतक्यांदा म्हणालं की माझी पाठ दुखायला लागली. अरुणा मात्र ताठ बसून होती. एकदा मला हळूच म्हणाली, यांच्याकडे लाइनी कमी आणि मुली त्याहून कमी दिसतात.

मग ईश्वरी नावाची मुलगी आली. बोलता बोलता अरुणाने काढून घेतलं की ती ऐरोलीला बसते, दुपारची पाळी आहे आणि डबा अजून खाल्लेला नाही. मी खुणा करत होते, मुद्द्याचं बोल. मुद्दा आला. मुलगी म्हणाली, मॅडम, खातं सरांच्या नावावर आहे, रद्द करायचं तर सरांनीच बोलावं लागेल, सर आहेत का?

अरुणा म्हणाली, ‘साहेब बाहेर गेलेत.’

एक्स्चेंजमधला आवाज. गोड, सपाट. ‘संध्याकाळी येतील. मी निरोप देते.’

माझ्या लक्षात आलं की हे आजचं नाही. ते विचारतात, ही सांगते साहेब बाहेर गेलेत, ते लिहून घेतात संध्याकाळी पुन्हा करा, आणि संध्याकाळी पुन्हा करतात. मागच्या वर्षीच्या होळीपासून हे चाललं होतं. कंपनीला मी हरामखोर म्हणत होते, अजूनही म्हणते, पण माणूस गेल्याचं त्यांना कोणी सांगितलंच नव्हतं. एक वाक्य होतं. एवढंसं.

ते मी बोलले. फोन हातात घेतला आणि म्हटलं, ‘ते वारले. मागच्या वर्षी. आता ते बोलायला येणार नाहीत, तेव्हा हे बंद करा.’

मुलगी सॉरी म्हणाली, आणि ते मनापासून होतं. तिचा वरिष्ठ आला, त्याला कशाचंच काही नव्हतं. मृत्यूच्या दाखल्याची प्रत पाठवा, म्हणाला. प्रत येईपर्यंत आम्ही दोन महिने मासिक थांबवतो, नाही आली तर आपोआप सुरू होईल. मी विचारलं, आपोआप सुरू का होईल, माणूस आपोआप परत येतो का? तो म्हणाला, मॅडम, सिस्टीम आहे.

ज्यांना ज्यांना असलं काही बंद करायचंय, त्यांच्यासाठी सांगते. कारण सांगत बसू नका, कारणावर त्यांच्याकडे उत्तर तयार असतं. ‘हं’ म्हणू नका. तक्रारीचा नंबर मागा, बोलणाऱ्याचं नाव मागा, तेच सगळं त्याच दिवशी मेलवर लिहून पाठवा. आणि आपलं बोलून झालं की फोन कापा. मी कापणारच होते. अरुणाने माझ्या हातातून फोन काढून घेतला, ईश्वरीला परत मागितलं आणि विचारलं, ‘झालं का तुझं लिहून, बाळा? ठेव मग. डबा खा.’ पलीकडून ठेवल्याचा आवाज येईपर्यंत ती थांबली.

मग माझ्याकडे वळली.

‘इतकं रोखठोक सांगायची काय गरज होती तुला?’

‘मग काय सांगायचं होतं? टूरवर गेलेत?’

‘मी आयुष्यभर बोर्डावरून लोकांना सांगितलं, पार्टी बाहेर गेलीय, नंतर करा. कोणाचं काही बिघडलं नाही.’

‘बिघडलं ना. ते पुन्हा पुन्हा करतात फोन.’

‘करू देत,’ अरुणा म्हणाली. ‘प्रसाद यांचं नाव काढत नाही, मला रडू येईल म्हणून. तूही काढत नाहीस. खाली गाड्या येतात, पूजा होतात, कोणी वर बघत नाही. ती मुलगी तेवढी विचारते, सर आहेत का.’

‘मग बंद कशाला करायचं म्हणालीस?’

ती उठली आणि टीपॉयखालचे अंक सरळ करून ठेवू लागली.

आता पुन्हा तुझ्याशी, अरुणा.

दुसऱ्या दिवशी आपण दाखल्याची झेरॉक्स काढायला निघालो होतो, आठवतंय ना? दाखला तू कपाटातून स्वतः काढलास आणि पिशवीत घातलास, मी पाहिलं. तू म्हणालीस, आधी भाजी घेऊ. भाजी घेतली. मग तुला साडीला फॉल लावायला द्यायचा होता, तोही दिला. स्टेशनबाहेरच्या त्या झेरॉक्सच्या दुकानावरून आपण एकदा गेलो, तू पलीकडच्या फुटपाथकडे बघत होतीस. परत येताना मी तुला दंडाला धरून दुकानापुढे उभी केली. आत एकच मुलगी होती, आधार कार्ड हातात घेऊन उभी.

तू म्हणालीस, गर्दी आहे गं, उद्या येऊ.