कुसुमताई कोरियाच्या भट्टीवर

आमच्या हळदीच्या कंपनीत हळदीपेक्षा किस्सेच जास्त निघतात, असं माझी बायको म्हणते. तिचं खरं आहे. हळद एकदा शिजवून वाळत घातली की तिच्याकडं बघत बसण्यापलीकडं फारसं काम उरत नाही. मग माणसं सावली धरून बसतात, चहा येतो, आणि कुणीतरी म्हणतंच, "सेक्रेटरी, ते कोरियाचं सांगा बरं!" ऐकणाऱ्यांतल्या निम्म्यांना ते पाठ असतं. तरी मी सांगतो, कारण मलाच ते सांगायला आवडतं.

तर मी कुरुंद्याचा, शेतकऱ्यांनी मिळून काढलेल्या कंपनीचा सेक्रेटरी. कोरियातल्या एका मसाल्याच्या व्यापाऱ्याला आमचा माल पसंत पडला आणि त्यानं भेटीला बोलावलं. निघालो आम्ही पाच जण. मी; कंपनीचे अध्यक्ष दत्तराव अण्णा, पांढऱ्या टोपीचे, बोलायला कडक; अण्णांचे शिरड शहापूरचे जावई सुनील; वसमतचे रफिकभाई, ज्यांच्या घरात आजोबांपासून मसाल्याचा धंदा आहे; आणि आमच्याच जिल्ह्यातल्या गोरेगावकडच्या एका खेड्यातल्या बचतगटाच्या अध्यक्ष कुसुमताई.

कुसुमताईंचं जरा नीट सांगायला पाहिजे. त्यांचा धाकटा भाऊ दारूनं गेला. तेव्हापासून या बाईनं दारूशी वैर धरलंय. ओढ्याकाठच्या हातभट्ट्या त्यांनी बायका घेऊन फोडल्या. आता गावातलं देशीचं दुकान बंद करण्यासाठी बायांचं मतदान लागलं होतं. एकदा या मतदानात बाया थोडक्यात हरल्या होत्या. "अवंदा हरलो तर बाया पुन्हा उठायच्या न्हाईत," ताई म्हणायच्या. कोरियाहून परत आलो की लगेच मतदान होतं.

आणि अशा बाईला घेऊन आम्ही गेलो कुठं, तर दारूच्या भट्टीवर!

* * *

यात कुणाचाच दोष नव्हता. कार्यक्रमपत्रिकेत शेवटच्या दिवशी लिहिलं होतं, 'पारंपरिक आंबवण केंद्रास भेट'. आता कोरियात आम्हाला तिन्ही त्रिकाळ कोबीचं आंबट-तिखट लोणचं वाढत होते. आंबवण म्हटल्यावर आमच्या डोळ्यांपुढं दुसरं काय येणार? ताईंच्या गटाचा लोणच्याचाच धंदा. त्या तर सगळ्यांत आधी बसमध्ये जाऊन बसल्या.

आमची गाइड मिन्जी नावाची पोरगी होती. दिल्लीत राहून हिंदी शिकलेली. बस थांबली, समोर अंगणात कमरेएवढे मातीचे रांजण ओळीनं मांडलेले. ताई खूश. "केवढं लोणचं घालून राहिले बगा!"

मिन्जी म्हणाली, "नहीं दीदी, यह शराब है."

बसमध्ये अशी शांतता मी कंपनीच्या ऑडिटलाही ऐकलेली नाही.

ताई म्हणाल्या, "मी बसमधीच बसते. एक ध्यानात ठेवा. माझा इथला एक बी फोटो गावात गेला, तर मतदान बुडालं समजा. दुकानवाला टपूनच बसलाय." रफिकभाईंनी तिथल्या तिथं सगळ्यांचे मोबाइल गोळा केले आणि आपल्या बॅगेत घालून चेन ओढली. अण्णांनी सुद्धा मुकाट दिला.

आम्ही उतरलो. मागं वळून बघतो तर ताई खिडकीतून मान बाहेर काढून बघतायत. आम्ही दारापर्यंत पोचायच्या आत त्या आमच्या पुढं होत्या. "लांबून बघितल्यानं काय बाटत न्हाई," म्हणाल्या!

* * *

आत पहिल्या खोलीत गव्हाच्या भरड्याच्या, चाकासारख्या जाड वड्या गवतात ठेवलेल्या. त्यांच्यावर बुरशी धरलेली. मिन्जीनं सांगितलं, ही वडी शिजवलेल्या भातात मिसळतात, मग भात आंबतो. ताईंनी वडी नाकाशी नेली आणि डोळे मिटले. "हा वास मला ओळखीचा हाय," म्हणाल्या. आणि वडी परत गवतात ठेवली.

दुसऱ्या खोलीत भट्टी होती. एकावर एक दोन मडकी ठेवल्यासारखी मातीची वस्तू, मधे कंबर बारीक, डोक्यावर गार पाण्याचं भांडं, बाजूला चोच. शेजारी भट्टीची मालकीण उभी होती. ऐंशीच्या घरातली म्हातारी, ताठ, अंगावर पांढरे स्वच्छ कपडे. ही विद्या तिला सासूकडून आली होती म्हणे. मिन्जी समजावून सांगायला लागली, तर ताईच सुरू झाल्या. खाली कढतं, वाफ वर जाते, गार पाण्यानं तिचं पुन्हा पाणी होतं, चोचीतून गळतं. वर आणि म्हणाल्या, "पह्यली धार फेकून देत असतेत, ती लई वंगाळ असती."

मिन्जीचे डोळे मोठे झाले. "दीदी, आप भी घर पे बनाती हैं?"

"बनाती नहीं बाई," ताई म्हणाल्या, "फोडती!"

मिन्जीनं ते आजीला कोरियन भाषेत सांगितलं. आजीनं ताईंकडं नीट पाहून घेतलं. मग दोन पावलं सरकली आणि भट्टी आणि ताई यांच्या बरोबर मधे जाऊन उभी राहिली.

* * *

मग चव घ्यायचा कार्यक्रम. लांब टेबल, प्रत्येकापुढं अंगठ्याएवढ्या चिनीमातीच्या वाट्या, आणि मधे एक छोटी सुबक बादली. मिन्जी म्हणाली, तोंडात घ्या, जिभेवर फिरवा, चव कळली की बादलीत टाका. जाणकार लोक असंच करतात.

अण्णांनी बादली उचलून आतून बाहेरून बघितली. "एवढ्या लांबून इमानानं आणलं, ते चूळ भरायला व्हय?"

ती बादली शेवटपर्यंत कोरडी राहिली.

* * *

रफिकभाई दारूला शिवत नाहीत. त्यांनी आपल्या वाट्या एका बाजूला सरकवल्या होत्या. पण माणूस मसाल्याचा. तिसऱ्या बाटलीचं बूच निघालं तसं त्यांचं नाक टेबलाच्या त्या टोकाला वळलं.

"सेक्रेटरी साब, इसमें हल्दी है."

आम्ही हसलो. रफिकभाईंना झोपेतही हळदच दिसते. पण ते हटेनात. "अद्रक है, दालचिनी है, शहद है, कोई फल है. और हल्दी है, बराबर है!"

मिन्जीनं आजीला विचारलं. आजीनं मान डोलावली. नाशपाती, आलं, दालचिनी, मध आणि हळद! त्यांच्याकडं ही जुन्या काळापासून मानाची दारू. आजी उठून रफिकभाईंपुढं आली आणि कमरेत वाकून तिनं नमस्कार केला. रफिकभाईंनीही उभं राहून छातीवर हात ठेवला. एक थेंबही न पिता इतका मान मिळालेला माणूस त्या टेबलावर दुसरा नव्हता.

ताई मात्र अस्वस्थ झाल्या. "लेकराच्या जखमेवर लावतो आपण ती. नवरीच्या अंगाला लावतो. अन् ह्या बाटलीत घालून राहिले!"

अण्णा वाटी खाली ठेवत म्हणाले, "काहून तकलीफ करून घेता ताई? पोटात जाऊन आतल्या जखमेला लागत असंल."

* * *

आता सुनीलरावांचं. अण्णांनी मुलगी देताना एकच अट घातली होती, पोरगा निर्व्यसनी पाहिजे. सुनीलरावांनी शब्द दिला होता. त्या टेबलावर ते सासऱ्याच्या शेजारी, हात मांडीवर ठेवून बसले होते.

अण्णा म्हणाले, "घ्या जावईबापू. अभ्यास दौरा हाय. माल काय हाय ते कळाया पाहिजे."

मिन्जी म्हणाली, थांबा, आमच्याकडं थोरांसमोर प्यायची एक रीत आहे, मी करून दाखवते. पण सुनीलरावांनी तोवर वाटी उचलली होती. खांदा वळवला, अण्णांकडं पाठ केली, तळहाताचा आडोसा धरला आणि एका घोटात वाटी रिकामी केली. तोंड पुसून पुन्हा होते तसे बसले.

मिन्जीनं टाळ्याच वाजवल्या. "बिलकुल यही! यही कोरिया का तरीका है! आपको किसने सिखाया?"

सुनीलरावांनी रिकामी वाटी बादलीमागं सरकवली. अण्णा त्यांच्याकडं झुकले. मग हळूच म्हणाले, "जावईबापू, पह्यल्यांदा पिणारं माणूस ठसकत असतंय."

सुनीलराव तितक्याच हळू म्हणाले, "तुमी बी न्हाई ठसकले, मामा."

त्यानंतर त्या दोघांचं जे जमलंय, ते बघून अण्णांची मुलगी अजून चकित आहे.

* * *

निघताना ताई दिसेनात. शोधलं तर अंगणात रांजणांच्या शेजारी बाकावर आजी आणि ताई बसलेल्या, मधे मिन्जी दुभाषी. दोघी एकमेकींच्या हातावर टाळ्या देऊन हसत होत्या. भट्टी करणारी आणि भट्टी फोडणारी! काय बोलल्या ते विचारलं तर ताई म्हणाल्या, "बायांचं बोलणं हाय."

मग आजीनं दारात सगळ्यांना एकेक बाटली भेट दिली. दोन्ही हातांनी, वाकून. एवढ्या म्हाताऱ्या बाईला नाही कसं म्हणणार? ताईंनीही दोन्ही हातांनी घेतली, कपाळाला लावली आणि लगेच अण्णांच्या पिशवीत घातली. पण बाटली कपाळाला होती तेवढ्यातच समोर लख्खकन उजेड पडला होता. तिथल्याच कुणीतरी फोटो काढला होता. पाहुण्यांची आठवण म्हणून. आमचे मोबाइल रफिकभाईंच्या बॅगेत होते, पण कोरियाचे सगळे कॅमेरे काही त्या बॅगेत मावणार नव्हते.

ताईंचा चेहरा उतरला. मिन्जीनं समजूत घातली, दीदी, हे फक्त भिंतीवर लावायला. आम्हीही म्हटलं, कोरियातली भिंत गोरेगावातून कुणाला दिसणार?

* * *

आजी फार मोठ्या मनाची बाई निघाली. तिनं त्या फोटोच्या पाच प्रती काढल्या, पाच सोनेरी चौकटींत बसवल्या आणि पाच जणांच्या पत्त्यावर कुरियरनं पाठवून दिल्या.

माझी मला मिळाली. मी ती बघतोय तोच ताईंचा फोन. आवाज खोल गेलेला. "सेक्रेटरी, घात झाला." त्यांच्या गावात कुरियरवाला घरोघर जात नाही. दिवसभर उघडं असतं अशा दुकानात सगळ्या गावाचं पार्सल ठेवून जातो. आणि त्या गावात सकाळी सगळ्यांत आधी उघडून सगळ्यांत शेवटी बंद होणारं दुकान एकच होतं. देशीचं!

मालक बबनशेठनं पार्सल फोडलं. रविवारी, मतदानाच्या तोंडावर, ग्रामपंचायतीपुढं सभा बोलावली. आम्हाला फार वाईट वाटलं. ताईंना एकटं सोडणं बरं नाही म्हणून जीप करून आम्ही चौघंही गेलो. एका बाजूला बाया, एका बाजूला बाप्ये. बाप्यांत सगळ्यांत पुढं गंगाराम, दुकानाचं रोजचं गिऱ्हाईक, सकाळपासून दुकानाच्या बाजूनं ओरडून घसा बसवून घेतलेला.

बबनशेठनं चौकट डोक्यावर धरली. "बगा तुमची ताई! इथं आमचं दुकान बंद करती अन् परमुलखात बाटली कपाळाला लावती!" बाप्यांनी शिट्ट्या मारल्या. बाया एकमेकींकडं बघायला लागल्या. दोन बाया तर पदर सावरून उठायला लागल्या.

ताई उठल्या. बबनशेठच्या हातातून चौकट घेतली.

"व्हय, मीच हाय ती. बाटली बी खरी हाय. अन् ही म्हातारी हाय ना, ती दारू करती. मी तिला इचारलं, आजी, घरात एवढी दारू, मग भांडणं न्हाई होत? तर म्हणाली, कोठीची चावी माझ्या कमरेला असती. मालकाला वाडवडलांच्या पूजेला एक वाटी, ती बी माझ्या हातानं. दुसरी मागायची त्याची छाती न्हाई." ताईंनी सगळीकडं बघितलं. "मला लई पटलं. म्हणून म्हणते, आपलं दुकान बंद न्हाई करायचं."

बाया बघतच राहिल्या. अण्णांनी माझा दंड धरला.

"फकस्त चावी आमच्या गटाकडं द्यायची. ज्याला लागंल त्यानं मायला अन् बायकोला संगं घेऊन यायचं. माय वाटी भरंल, बायको हातात दील. सणाला एक. समद्यांसमोर प्यायची अन् मायच्या पाया पडून घरी जायचं. बोला, हाय कबूल?"

गंगारामची म्हातारी आई बायांत पहिल्याच रांगेत बसली होती. ती गुडघ्यावर हात ठेवून उठली आणि म्हणाली, "मला कबूल हाय."

गंगारामनं आईकडं बघितलं. बायकोकडं बघितलं. मग बसक्या आवाजात, हात जोडून, सगळ्या गावादेखत ओरडला, "ताई, त्यापरीस बंदच करा!"